साली माझ्या, फोडी त्याच्या

१

सुवासाचं पातेलं चढवायचं तर घाई करून चालत नाही. संत्र्याच्या साली आधी धुऊन घ्यायच्या. आतला पांढरा भाग फार जाड असेल तर चमच्याने खरवडायचा, नाहीतर वासाला कडवटपणा येतो. दालचिनी मोडायची, कुटायची नाही. लवंगा मोजक्याच, कारण लवंग जास्त झाली की घराला दाताच्या दवाखान्याचा वास येतो. एखादं चक्रफूल, एखादं तमालपत्र, आणि सगळं बुडेल इतकं पाणी. मोठ्या आचेवर एक उकळी आणायची आणि मग आच इतकी बारीक करायची की ज्योत आहे की नाही ते वाकून बघावं लागेल. झाकण ठेवायचं नाही. मग ते पातेलं दिवसभर स्वतःशीच पुटपुटत बसतं आणि घराचा कोपरान् कोपरा दरवळतो.

वर्षअखेरीची सुट्टी लागली की आमच्याकडे हे पातेलं चढायचं ते सुट्टी संपेपर्यंत. त्याचा एकच नियम होता, आईने घालून दिलेला. गॅसजवळून जो कोणी जाईल त्याने शेजारच्या जगमधलं कपभर पाणी पातेल्यात ओतायचं. विचारायचं नाही, सांगायचं नाही. त्यामुळे आमचं पातेलं कधी कोरडं पडलं नाही, आणि पाणी नेमकं कोणी घातलं हे कधी कोणाला कळलंही नाही. या नियमामुळेच पुढचा प्रकार माझ्या लक्षात यायला उशीर झाला.

आई गेल्यानंतरची ही पहिली सुट्टी. पातेलं काढायचं माझ्या मनातही नव्हतं. भावाचा फोन आला.

"ताई, परवा घर बघायला माणसं येतायत. दलाल म्हणतो, घरात शिरल्या शिरल्या छान वास आला की गिऱ्हाईक निम्मं तिथेच पटतं. तू ते आईचं पातेलं लाव ना."

"कुठलं पातेलं?"

"अगं ते संत्र्याचं. सालीबिली टाकून करायची ते."

"आणि मी कुठे जायचं?"

"झालं तुझं सुरू? आमच्याकडे यायचं, सांगितलंय ना. तुझ्यासाठी बाल्कनी बंद करून घेतोय. खोलीच होईल मस्त. खिडकीसुद्धा आहे."

"बाल्कनीला खिडकी असायचीच रे," मी म्हणाले. "बाल्कनी म्हणजे नुसती खिडकीच."

तो हसला. त्याला वाटलं, मी विनोद केला.

घर आईने त्याच्या नावावर केलं होतं. मला हे दलालाकडून कळलं. दलाल बिचारा ओशाळला. म्हणाला, "मला वाटलं ताईंना माहीत असेल." ताईंना गॅसचा नंबर कधी लावायचा ते माहीत होतं, कुठली खिडकी पावसाळ्यात फुगते ते माहीत होतं. हे तेवढं माहीत नव्हतं.

२

मागच्या खोलीबद्दल लिहायला हवं. आई शेवटची कित्येक वर्षं तिथे अंथरुणाला खिळून होती. लोखंडी पलंग, उशाशी स्टीलची वाटी. काही हवं असलं की ती वाटी पलंगाच्या दांड्यावर आपटायची. टिंग. थांबायची. टिंग टिंग. मग मात्र थांबायची नाही, मी दारात दिसेपर्यंत.

पाय हलत नव्हते, पण नाक शाबूत होतं. सुट्टीत पातेल्यातलं पाणी खाली गेलं की वास बदलतो, किंचित करपट, किंचित गोडसर. तो बदल तिला मागच्या खोलीत पडल्या पडल्या कळायचा आणि वाटी वाजायची. भाऊ सुट्टीत घरी आलेला असायचा, पुढच्या खोलीत पाय पसरून. तिथून तिची खोली चार पावलांवर, माझं स्वयंपाकघर दुसऱ्या टोकाला. वाटी वाजली की तो उठायचा नाही, तिथूनच ओरडायचा, "ताई, बोलावतेय तुला!" जणू मी बहिरी होते. आईच्या आजारपणात त्याने केलेलं काम म्हणजे हे. निरोप पोचवण्याचं.

ती गेल्यावर महिन्याच्या आत त्याने पलंग भंगारवाल्याला देऊन टाकला. खोली धुतली, रंगवली. पलंगाच्या पायांचे गंजाचे चार डाग तेवढे फरशीवर राहिले. ते काही केल्या निघाले नाहीत.

३

घर बघायला माणसं येणार त्याच्या आदल्या दिवशी भाऊ आणि भावजय सकाळीच मुक्कामाला आले, झाडलोट करायला. म्हणजे भावजय झाडत होती आणि भाऊ कुठे झाडायचं ते सांगत होता. मी पातेलं चढवलं. का चढवलं? भांडायचं तर भांड्याशी कशाला भांडायचं, म्हणून. माझी पद्धत तशी आहे. राग आला की मी काम नीट करते.

दुपारी पाणी बघायला गेले तर पातेलं काठोकाठ. मला वाटलं, भावजय पाणी घालून गेली. बरं वाटलं, खोटं कशाला सांगू. संध्याकाळी पुन्हा तसंच, सकाळी ओतलं होतं त्याहून बोटभर वरच. मी तिला म्हणाले, "इतकं नको गं घालत जाऊस, वास पातळ होतो."

"कशात?"

"पातेल्यात. पाणी."

"ताई, मी गॅसच्या वाऱ्यालासुद्धा उभी राहिले नाही. सकाळपासून तुमच्या माळ्यावरची जळमटं काढतेय. हे बघा माझे केस. मीच कोळी दिसतेय."

मग भाऊ. त्याला विचारलं तर म्हणाला, "मी? पाणी?" आणि असं बघितलं की जणू मी विमान चालवलंस का विचारलं.

मी मनाची समजूत घातली. आच बारीक, हवा गार, खिडक्या बंद. वाफ कमी होत असेल. शिवाय मीच जाता येता पाणी घालून विसरले असेन. हात सवयीने चालतात, डोक्याला कळवतात असं नाही.

पण वासही बदलला होता. वर संत्रं, दालचिनी. आणि तळाशी दुसरं काहीतरी, हलकं. श्वास सोडताना जाणवायचं, घेताना नाही. दोनदा तीनदा हुंगल्यावर ओळखलं. सांधेदुखीचं मलम. तेच, मी आईच्या गुडघ्यांना रोज चोळायचे ते.

हात साबणाने धुतले. हातांना वास नव्हता.

४

लहानपणी संत्री यायची ती सुट्टीतच. आई संत्रं सोलायची तेव्हा आम्ही दोघं समोर बसून बघायचो, कारण तिला एक कसब होतं. नखाने देठापाशी सुरुवात केली की साल न तुटता, एकाच लांब पट्टीत, गरगरत खाली उतरायची. मग फोडी वेगळ्या करायची. एकेका फोडीवरचे पांढरे धागे ओढून काढायची, अगदी एक धागा ठेवायची नाही. काठाला निळी फुलं असलेल्या छोट्या ताटलीत त्या गोल मांडायची आणि ताटली भावापुढे सरकवायची. "घे, राजा."

साल माझ्या हातात यायची. "ही घे तुला, पातेल्यात टाक."

मी एकदा विचारलं होतं, मला फोडी का नाहीत. ती खरंच आश्चर्याने म्हणाली होती, "अगं, तुझ्याकडे पातेलं आहे ना!"

आयुष्यात मला कोणी संत्रं सोलून दिलेलं नाही. मी स्वतः सोलते, आणि मला ते कसब कधी जमलं नाही. माझ्या सालीचे नेहमी तुकडेच पडतात.

हे सगळं सांगायचं कारण असं, की दुसऱ्या दिवशी सकाळी मी पातेलं ढवळलं आणि चमच्याला काहीतरी लांबलचक गुंडाळून वर आलं. संत्र्याची साल. एका पट्टीत, देठापासून बुडापर्यंत सलग. माझे तुकडे खाली होतेच. ही वर होती, ताजी, अजून शिजून मऊही पडली नव्हती.

मी ती चिमट्याने धरून पुढच्या खोलीत नेली. भाऊ चहा पीत होता.

"ही तू सोललीस?"

"काय आहे ते?"

"घे, हे संत्रं सोल बघू."

"सकाळी सकाळी काय परीक्षा घेतेयस ताई?"

"सोल."

त्याने सोललं. कसलं सोललं, कोंबडीने उकरावं तसं उकरलं. त्याला कधी सोलावं लागलंच नव्हतं. भावजय हसायला लागली. "अहो, संत्रं आहे, हातबॉम्ब नाही." तिच्या हातात दिलं तर तिने सरळ सुरी मागितली आणि चार फाका केल्या.

भाऊ म्हणाला, "ताई, तू दमलीयस. इतकी वर्षं एकटीने सगळं केलंस. म्हणून तर म्हणतो, आमच्याकडे चल." तो ते प्रेमाने म्हणाला. तेच मला सहन झालं नाही. माझ्या घरातून मला काढायचं, आणि वर ते माझ्याच भल्यासाठी.

आम्ही सोललेली सोडूनही टोपलीतलं एक संत्रं कमी होतं.

५

माणसं दुपारी यायची होती. मी ठरवलं, पातेलं करपवायचं.

हा विचार आला तेव्हा मला जवळजवळ आनंद झाला. करपलेल्या संत्र्याचा वास कोणी घेतलाय का? पडद्यात शिरतो, गादीत शिरतो, आठवडाभर हलत नाही. बघू मग गिऱ्हाईक निम्मं कुठे पटतं ते. मी स्वयंपाकघराचं दार आतून लावून घेतलं, खुर्ची दाराला टेकवून बसले आणि आच मोठी केली. पाणी घालायचं नाही. कोणालाही आत येऊ द्यायचं नाही.

लाकडी चमच्याच्या दांड्यावर पेन्सिलने पाण्याच्या पातळीची रेघ मारून मी तो पातेल्यात उभा ठेवला होता. माझा माझ्यावर विश्वास आहे, पण रेघेवर जास्त.

पाणी खळखळा उकळायला लागलं. वाफेने खिडकीच्या काचा पांढऱ्या झाल्या, भिंतीवरून ओघळ आले. मी डोळे न हलवता बघत बसले. इतकी वाफ जात होती की पातेलं अर्ध्यावर यायला हवं होतं. मी उठून चमचा बघितला. रेघ दिसेना. ती पाण्याखाली गेली होती.

दार लागलेलं. खुर्ची जागच्या जागी. ओट्यावरचा पाण्याचा जग मी सकाळी तोंडोतोंड भरला होता. तो अर्धा झाला होता, आणि कप ओला होता.

भीती नंतर आली. आधी आला तो संताप. इतका की कानात गरम झालं. पाणी कोण घालतंय हे मला कळलं होतं, आणि कशासाठी तेही कळलं होतं, निदान मला तसं वाटलं. राजाचं घर विकलं जायला हवं. राजाचं गिऱ्हाईक पटायला हवं. जिवंतपणी त्याला फोडी, आणि मेल्यावरही त्याचीच बाजू! आणि मी काय, साल.

"मी पुसलं तुझं अंग," मी पातेल्याला म्हणाले. हो, पातेल्याला. "त्याने नाही. मी."

पातेलं उकळत राहिलं. मी गॅस बारीक करून पुन्हा खुर्चीत बसले. दारावर थाप पडली आणि मी खुर्चीसकट दचकले. भावजय होती. "ताई, आलीत माणसं. अय्या, किती छान वास सुटलाय!"

६

घर बघायला नवरा-बायको आले होते. नवरा अबोल, भिंतींवर टिचक्या मारून बघणारा. बायको बेकरी चालवणारी, गोल चेहऱ्याची, हसरी. मला तिचा राग करायचा होता, तो जमेना. दारातच तिने डोळे मिटले.

"संत्रं. दालचिनी. लवंग, पण बेताची. आणि चक्रफूल?"

"काय नाक आहे हो!" दलाल म्हणाला.

"बेकरी आहे माझी. नाक गेलं तर दुकान गेलं." मग माझ्याकडे वळून, "तुम्ही केलंय? माझी आजी करायची असं काहीतरी. घरात आल्यासारखं वाटलं बघा."

भावाने माझ्या खांद्यावर हात ठेवला. "ताईच्या हाताला चवच तशी आहे." मी खांदा काढून घेतला.

सगळं त्याच्या मनासारखं चाललं होतं. त्यांना पुढची खोली आवडली, ओटा आवडला, मी लावलेल्या कुंड्या आवडल्या. नवऱ्याने टिचक्या मारणं थांबवून आकडा विचारला. भाऊ मला नजरेने खुणावत होता, चहा ठेव म्हणून. म्हणजे झालंच होतं.

बेकरीवाली बाई बोळातून मागे चालली होती. ती थांबली. पुन्हा हुंगलं.

"इथे वेगळं येतंय," ती म्हणाली. "मलम आहे का काही? आजारी माणसाच्या खोलीत असतं तसं. घरात कोणी अंथरुणाला आहे का हो?"

"छे छे," भाऊ म्हणाला. "मागची खोली रिकामी आहे. नुकतीच रंगवलीय. तुम्हाला स्टोअररूम करता येईल."

टिंग.

शेजारी भांडं पडलं असेल, असं प्रत्येकाच्या चेहऱ्यावर एकाच वेळी येऊन गेलं.

टिंग टिंग. लोखंडावर वाटी. या घरात आता लोखंडी दांडा एकही नव्हता.

"आत कोणीतरी हाक मारतंय," ती बाई म्हणाली. अगदी साधेपणाने. तिला त्यात काही वावगं वाटलंच नव्हतं. "जा ना, बघा. म्हातारं माणूस दिसतंय."

मग वाटी थांबेना. भाऊ पुढे झाला. दलालासमोर, गिऱ्हाइकासमोर त्याला पुढे व्हावंच लागलं. त्याने खोलीचं दार ढकललं आणि उंबऱ्यावरच उभा राहिला.

मी त्याच्या मागे होते. त्याचा हात चौकटीवर होता, त्या हाताखालून मला खोलीचा एक तुकडा दिसला. खिडकीतून आलेलं ऊन. फरशीवर गंजाचे डाग. त्या डागांच्या मधे, उन्हात, संत्र्याच्या पांढऱ्या धाग्यांचा छोटासा ढीग. मी बघत असतानाच वरून आणखी एक धागा त्यावर पडला. संथपणे, वळत. पलंग असता तर हात जिथे आला असता तेवढ्या उंचीवरून. मी वर बघितलं. एक अंगठा. पिवळं पडलेलं नख. पापणी लवेपर्यंत होता की नव्हता.

भावाला काय दिसलं ते मला माहीत नाही. त्याला सगळी खोली दिसत होती. तो वळला तेव्हा त्याचा चेहरा मी कित्येक वर्षांत बघितला नव्हता तसा होता, लहान मुलाचा. पण आवाज सवयीचाच निघाला, पुढच्या खोलीतून ओरडायचा तो.

"ताई," तो म्हणाला, "बोलावतेय तुला."

७

माणसं कधी गेली ते कळलंच नाही. बाईंची पर्स राहिली, ती न्यायला दलालाला पाठवलं. तोही दारातूनच घेऊन गेला. भावजयीने दोन पिशव्या उचलल्या. भाऊ चपला हातात घेऊनच बाहेर पडला. मी त्याच्या मागे फाटकापर्यंत गेले. काय म्हणायला ते ठाऊक नाही. जा म्हणायला, किंवा थांब म्हणायला.

"ठेव!" तो रस्त्यावरून ओरडला. "ठेव तुझ्या उरावर घर! मी यात पुन्हा पाऊल टाकणार नाही!"

"अहो, हळू," भावजय म्हणाली. "लोक बघतायत." गाडी गेली.

म्हणजे मी जिंकले. घर विकलं जाणार नव्हतं. माझ्या कुंड्या, माझा ओटा, माझी फुगणारी खिडकी, सगळं राहिलं. मला बाल्कनीत राहायला जायचं नव्हतं. मी कुठेच जायचं नव्हतं.

हे मी फाटकात उभी राहून स्वतःला सांगितलं, आणि शेवटच्या वाक्यापाशी अडखळले. पाणी कशासाठी घातलं जात होतं ते आता पुन्हा नव्याने कळत होतं. गिऱ्हाईक पटावं म्हणून नाही. पातेलं आटू नये म्हणून. पातेलं चालू तर मी चालू, इथेच, वाटीच्या हाकेवर.

स्वयंपाकघरात आले. भावजयीने जाता जाताही गॅस बंद केला होता. बाई व्यवस्थित आहे. बटण बंद होतं. बर्नरला हात लावला, गार. त्याच्यावर पातेलं आपलं पुटपुटत होतं, बारीक, समाधानाने, काठोकाठ भरून.

टेबलावर निळ्या फुलांची ताटली होती. ती मी कपाटाच्या सगळ्यात वरच्या फळीवर ठेवली होती, कागदात गुंडाळून. संत्र्याच्या फोडी गोल मांडलेल्या होत्या, एकावरही पांढरा धागा नाही. ताटली माझ्या खुर्चीसमोर होती, माझ्या बाजूला सरकवलेली.

मी मटकन बसले.

"आता?" मी म्हणाले. "आता सुचलं तुला? सगळं संपल्यावर?"

मलमाचा वास इतका जवळ होता की वळून बघायची गरज नव्हती. मी वळले नाही. एक फोड उचलली. ती फेकावी, सगळी ताटली भिंतीवर फेकावी, असं मनात होतं. हात तोंडाकडे गेला.

गोड होती. इतकी गोड की डोळ्यांत पाणी आलं, आणि त्या पाण्याचासुद्धा मला राग आला. इतकी वर्षं हे असं लागत होतं तर. तो हे खात होता, दर सुट्टीत, माझ्यासमोर बसून. मी दुसरी खाल्ली, तिसरी खाल्ली. बिया पातेल्यात थुंकल्या.

मागून आवाज आला. टिंग. मग, टिंग टिंग. आता "ताई, बोलावतेय" म्हणून सांगणारंही घरात कोणी उरलं नव्हतं.

"ऐकू येतंय मला!" मी घर हादरेल अशी ओरडले. आयुष्यात पहिल्यांदा. "येते! खाऊ तरी दे!"

वाटी थांबली.

आई जिवंत असताना ती मी दारात दिसल्याशिवाय कधी थांबली नव्हती. मी कितीही ओरडले असते तरी थांबली नसती. आता थांबली, आणि मी तोंडात फोड धरून ऐकत राहिले, बंद गॅसवरच्या पातेल्याची पुटपुट आणि बोळापलीकडची शांतता. ती शांतता रिकामी नव्हती. आई वाट बघत होती. तिला आता कसलीच घाई नव्हती.